उडद्या : एका लहानशा किड्याच्या ओळखीचा इतिहास

मृगाचा पाऊस चांगला लागला, पेरणी आटोपली आणि रोप जमिनीबाहेर डोकावूं लागलें, म्हणजे शेतकऱ्याच्या मनास जी एक प्रकारची निश्चिंतता वाटते ती फार दिवस टिकत नाहीं. हिंगोली जिल्ह्यांतील काळ्या रानांत, कयाधूच्या कांठीं म्हणा किंवा औंढा नागनाथाकडच्या माळाच्या कडेला म्हणा, ज्वारीच्या अथवा कपाशीच्या सोबतीला अंबाडीचें एखादें तास पेरण्याची चाल जुनी आहे. या अंबाडीचीं कोंवळीं पानें एखाद्या सकाळीं अशीं दिसतात, कीं जणूं कोणीं त्यांवर बारीक छर्ऱ्यांची बंदूक झाडली असावी. शेतकरी वाकून पाहतो. पानावर कांहीं तरी काळसर चमकतें. हात पुढें करावा तों तें टुणकन् उडून नाहींसें होतें. हातीं उरतें तें भोंकें पडलेलें पान.

हें कोणीं केलें, हा प्रश्न दिसावयास लहान आहे. परंतु त्याच्या उत्तरावर पुढील सर्व खर्च, श्रम आणि प्रसंगीं माणसाचा जीवहि अवलंबून असतो. राजेरजवाड्यांच्या लढायांचा जसा इतिहास असतो, तसा अशा एका क्षुद्र किड्याच्या ओळखीचाहि असतो. तो इतिहास हिंगोलीच्या शेतांतून निघून इंग्लंडांतील एका धर्मोपदेशकाच्या बागेंत, बेळगांवच्या रानांत आणि लंडनच्या वस्तुसंग्रहालयांत जातो, व पुन्हां शेतांतच परत येतो. तोच येथें थोडक्यांत सांगावयाचा आहे.

प्रथम हा प्राणी कोण तें पाहूं. पानें खाणाऱ्या भुंगेऱ्यांचें एक फार मोठें कुळ आहे. त्यांतील ज्यांच्या मागच्या पायांच्या मांड्या फुगलेल्या असून ज्यांस उडी मारतां येते, अशा भुंगेऱ्यांचा एक निराळा गट शास्त्रज्ञ मानतात. त्यांच्या जगभर मिळून सुमारें आठ ते दहा हजार जाति असाव्यात. शेतांत भेटणारे बहुतेक उडते भुंगेरे दोन ते चार मिलिमीटर लांबीचे, म्हणजे मोहरीच्या दाण्यापासून लहानशा उडदापर्यंतच्या आकाराचे, टणक पाठीचे व तकतकीत असतात. मादी झाडाच्या बुडाशीं मातींत अंडीं घालते. अळी बहुधा मातींतच राहून मुळें खाते. तेथेंच कोष होतो, आणि भुंगेरा वर येऊन पान खातो. पिसू जशी उडी मारते तशी हाहि मारतो, म्हणून इंग्रजींत यास पिसवेच्याच नांवानें ओळखतात. मराठी मुलखांत द्राक्षांच्या बागाइतदारांच्या तोंडीं 'उडद्या' हें नांव आहे. तें ऐकतांच कानाला उडीदहि आठवतो आणि उडणेंहि आठवतें. नांव मोठें नामी आहे. परंतु नामी नांवहि कधीं कधीं फसवितें, हें पुढें दिसून येईल.

नांवानें फसगत होणें ही कांहीं आपल्याकडचीच गोष्ट नव्हे. इंग्लंडांत सलगमाच्या शेतांचा हाच किडा मोठा वैरी. आणि तेथील खेडूत त्यास 'सलगमाची माशी' असें म्हणत. सेल्बोर्न या खेड्यांतील धर्मोपदेशक गिल्बर्ट व्हाइट यांनीं १७८९ सालीं प्रसिद्ध केलेल्या आपल्या निसर्गवर्णनाच्या ग्रंथांत याचा उल्लेख आहे. लोक यास माशी म्हणत असले तरी हा भुंगेऱ्यांच्या वर्गांतील आहे व त्याच्या मागच्या मांड्या फार जाड असतात, हें त्यांनीं स्वतः पाहून नमूद केलें. कडक उन्हाळ्यांत शेतांतून चालूं लागलें, कीं असंख्य किड्यांच्या उड्यांनीं पानांवर पावसाच्या सरीसारखा आवाज होतो, हीहि नोंद त्यांचीच. माशी आणि भुंगेरा यांतील भेद हा केवळ पंडितांचा वाद नव्हे. माशी म्हटलें कीं तिचा उगम शेणांत, घाणींत, सडलेल्या वस्तूंत शोधावा असें मनांत येतें. भुंगेरा म्हटलें कीं नजर झाडाच्या मुळाशीं, मातीकडे जाते. व्हाइट यांची दृष्टि नांवावर थांबली नाहीं, ती किड्याच्या पायापर्यंत पोंचली, यांतच त्यांच्या नोंदीचें महत्त्व आहे.

यानंतर सुमारें शंभर वर्षांनीं या कथेंत आपल्या मुलखाचा प्रवेश होतो, आणि तो बेळगांवच्या द्वारें होतो. जंगलखात्यांतील एच. ई. अँड्र्यूज नांवाचे अधिकारी बेळगांवाकडे असतांना भुंगेरे गोळा करीत असत. त्यांतील पानें खाणारे भुंगेरे त्यांनीं तपासण्यासाठीं लंडनला मार्टिन जॅकोबी यांजकडे धाडले. हे जॅकोबी विलक्षण गृहस्थ होते. १८४२ सालीं जर्मनींतील आल्टोना येथें त्यांचा जन्म झाला. पोटाचा धंदा व्हायोलिनवादनाचा. इंग्लंडांतील नामांकित वाद्यवृंदांतून ते वाजवीत असत. आणि उरलेल्या वेळांत जगाच्या कानाकोपऱ्यांतून आलेल्या भुंगेऱ्यांचें भिंगाखालीं परीक्षण करून त्यांस नांवें देत. अँड्र्यूज यांच्या संग्रहावरील त्यांचे लेख १८९५-९६ च्या सुमारास प्रसिद्ध झाले. त्यांत ज्या नव्या जातींचें वर्णन आहे त्यांपैकीं एकीस त्यांनीं बेळगांवचेंच नांव दिलें : लॉन्गिटार्सस बेलगॉमेन्सिस. तागाचीं पानें चाळणीसारखीं करणारा उडता भुंगेरा तो हाच. ज्या किड्याकडे तागाचें तास राखणारा शेतकरी पिढ्यान् पिढ्या पाहत आला असेल, त्याची शास्त्रांतील ओळख एका व्हायोलिनवादकाच्या टेबलावर झाली आणि ती एका मराठी-कानडी सीमेवरील गांवाच्या नांवानें जगभर गेली, हा योग मौजेचा खरा.

जॅकोबी १९०७ सालीं वारले. हिंदुस्थानांतील प्राणिसृष्टीवर जी इंग्रजी ग्रंथमाला त्या वेळीं निघत होती, तींतील या कुळाचा त्यांनीं लिहिलेला पहिला भाग त्यांच्या पश्चात् १९०८ सालीं बाहेर पडला. उडत्या भुंगेऱ्यांपर्यंत मात्र त्यांची लेखणी पोंचली नव्हती. तें काम एका हिंदी माणसानें पुरें केलें. समरेंद्र मौलिक (१८८१-१९५०) हे बंगाली कीटकशास्त्रज्ञ; लंडनच्या निसर्गेतिहास संग्रहालयांत बसून त्यांनीं या मालेचे पुढील भाग लिहिले, आणि त्यांपैकीं १९२६ सालीं प्रसिद्ध झालेल्या भागांत हिंदुस्थानांतील उडत्या भुंगेऱ्यांचें वर्णन आलें. पण त्यांची खरी कीर्ति तीन वर्षांनंतरच्या एका लहान निबंधानें झाली. हा किडा एवढी उडी मारतो ती कशाच्या जोरावर, हा प्रश्न त्यांनीं घेतला व मागची मांडी फोडून पाहिली. आंत शिंगासारख्या कठीण द्रव्याची, वळवून बसविलेली एक स्प्रिंग त्यांस आढळली. स्नायूंच्या ओढीनें ती ताणली जाते, आणि सुटतांच पाय झटका देतो. १९२९ सालच्या या निबंधावरून त्या अवयवास पुढें 'मौलिकांचा अवयव' असेंच नांव पडलें. उडता भुंगेरा खरा कीं खोटा, हें ठरविण्यास याहून पक्की खूण नाहीं.

आतां हें सर्व चाललें असतां हिंगोलींत काय चाललें होतें ? त्या काळांतील कागदपत्रांत हिंगोलीचें नांव येतें तें निजामाच्या राज्यांतील कंटिंजंट फौजेच्या छावणीमुळें व कापसाच्या पेठेमुळें. ती फौज १९०३ सालीं हिंदी लष्करांत विलीन झाली. कापूस मात्र राहिला. हिंगोली त्या वेळीं परभणी जिल्ह्यांत मोडत असे. १९१८ सालीं परभणी येथें निजाम सरकारनें शेतकीचें प्रयोगक्षेत्र काढलें, आणि या भागांत शास्त्रीय शेतकीचा पाया पडला. परंतु राज्यकारभाराची भाषा उर्दू, शास्त्राची भाषा इंग्रजी, आणि शेतकऱ्याची भाषा मराठी, असा तिहेरी पडदा मध्यें होता. बिहारांत पुसा येथें १९०५ सालीं सरकारी शेतकी संशोधनसंस्था निघाली. तेथील मुख्य कीटकशास्त्रज्ञ मॅक्सवेल-लेफ्रॉय यांनीं १९०६ व १९०९ सालीं हिंदी किडींवर दोन मोठे ग्रंथ लिहिले. ते ग्रंथ इंग्रजी जाणणाऱ्यांच्या हातीं पडले. कळमनुरी-सेनगांवच्या शेतकऱ्यास त्यांचा उपयोग तो काय? त्याच्या डोळ्यांस दिसणारा किडा आणि ग्रंथांतील किडा हे एकच, असें सांगणारा दुभाषी मध्यें नव्हता.

या अंतराचा परिणाम उपायांच्या इतिहासांत स्पष्ट दिसतो. जुन्या उपायांचा विशेष असा, कीं ते किड्याच्या स्वभावावर आधारलेले होते. सकाळीं दंव असतांना पानांवर चुलींतील राख धुरळण्याची पद्धत खेड्यापाड्यांतून चालत आली आहे. राखेनें माखलेलें पान भुंगेऱ्यास नकोसें होतें. यूरोपांत फळीला डांबर फांसून ती रोपांवरून ओढीत नेत. किडा उडी मारी आणि फळीला चिकटे. त्याची उडी हेंच त्याचें मरण होई. नाशिकच्या द्राक्षमळ्यांतहि वेल हालवून खालीं पडणारे उडद्ये गोळा करून मारण्याची रीत आहे. या उपायांत श्रम फार, हें खरें. पण ते करणाऱ्यास शत्रूची ओळख असावीच लागे. जो उडी मारीत नाहीं त्यावर डांबराची फळी चालत नाहीं.

पुढें रासायनिक विषांचें युग आलें आणि ओळखीची गरजच संपली असें लोकांस वाटूं लागलें. डी. डी. टी.ची कीटकनाशक शक्ति स्विस रसायनशास्त्रज्ञ पॉल म्यूलर यांस १९३९ सालीं आढळली. १९४८ सालीं त्यांस नोबेल पारितोषिक मिळालें. जें सर्वांस मारतें तें वापरतांना कोणास मारावयाचें हें कोण विचारणार ? पुढें त्याचे दुष्परिणाम दिसून आले, आणि १९८९ सालीं आपल्या देशांत शेतींतील डी. डी. टी.चा वापर बंद करण्यांत आला, बी. एच. सी.वर १९९७ सालीं बंदी आली. त्यांच्या जागीं नवीं विषें आलीं. बियाण्यास चोळावयाचीं कांहीं औषधें तर रोपाच्या अंगीं भिनून पानहि विषारी करीत. यूरोपांत मधमाश्यांच्या रक्षणासाठीं २०१३ सालीं अशा तीन औषधांवर निर्बंध आले. त्याबरोबर इंग्लंडांतील मोहरीवर्गीय तेलबियांच्या शेतांवर एका उडत्या भुंगेऱ्यानें असा कांहीं हल्ला चढविला, कीं अनेक शेतकऱ्यांनीं तें पीकच सोडलें. फवारणीचीं जुनीं विषें त्याच्यावर आतां चालत नव्हतीं, कारण त्यांस तो सरावला होता. विषावर विसंबून ज्यांनीं किड्याकडे पाहणेंच सोडलें होतें, त्यांस तें पुन्हां पहिल्यापासून शिकावें लागलें.

विषाची धार दुसऱ्या बाजूनेंहि कापते. वर सांगितलेले लेफ्रॉय पुढें लंडनला अध्यापक झाले; कीटक मारण्याच्या विषारी वायूंवर प्रयोग करीत असतांना आपल्याच प्रयोगशाळेंत ते बेशुद्ध सांपडले व १९२५ सालीं त्यांतच त्यांचा अंत झाला. ज्यास विषाची पुरी माहिती होती त्याची ही गति. मग ज्याच्या हातीं परक्या लिपींतील चिठ्ठी लावलेली बाटली पडते त्याची काय कथा? २०१७ च्या खरिपांत आपल्या शेजारच्याच यवतमाळ जिल्ह्यांत पिकावर औषध फवारतांना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी व शेतमजूर दगावले. पैनगंगेच्या अलीकडे हिंगोली व पलीकडे यवतमाळ. पीक तेंच, पंप तेच, आणि घाई तीच. चुकीच्या किड्यावर केलेली प्रत्येक फवारणी हा फुकटचा धोका आहे, हें या दृष्टीनें लक्षांत घ्यावें.

म्हणून ओळखीच्या कांहीं खुणा येथें सांगणें अस्थानीं होणार नाहीं. पानाच्या मधोमध बारीक, गोल, पुष्कळ भोंकें. बारकीं रोपें अधिक ग्रासलेलीं. आणि भर उन्हांत हात लावतांच टुणकन् उडणारा टणक पाठीचा किडा : हा खरा उडता भुंगेरा. अंबाडी व भेंडी यांवर निसोट्रा नांवाच्या वंशांतील भुंगेरा येतो. रब्बींत मुळा, मोहरी व कोबी यांच्या वाफ्यांवर फिलोट्रेटा वंशांतील भुंगेरे येतात. त्यांतील एक निळसर काळा व चकचकीत, आणि दुसरा काळ्या पाठीवर दोन नागमोडी पिवळ्या पट्ट्यांचा. हिरवळीच्या खतासाठीं ताग पेरला असेल तर त्यावर आपला बेळगांवकर पाहुणा यावयाचाच.

परंतु उडणारें सर्वच भुंगेरे नव्हत. कपाशी किंवा भेंडीच्या पानाखालून तिरपा चालणारा व उडणारा हिरवट, मऊ अंगाचा जो किडा, तो तुडतुडा. तो पान खात नाहीं, रस शोषतो. त्यानें भोंक पडत नाहीं, तर पानाच्या कडा पिवळ्या पडून वळतात व पुढें तांबूस होतात. याच्या उलट, भोंक दिसतें पण किडा दिसत नाहीं, असेंहि घडतें. मूग व उडीद यांच्या रोपांवर वाटोळीं भोंकें पाडणारा मदुरासिया नांवाचा एक भुंगेरा आहे. यासहि नांव जॅकोबी यांनींच दिलेलें. उडत्या भुंगेऱ्यांचा हा जवळचा भाऊबंद. पण याच्या मांडींत मौलिकांची ती स्प्रिंग नाहीं. हा रात्रीं खातो व दिवसां ढेकळांखालीं, झाडाच्या बुडाशीं दडून बसतो. याची अळी मुळांवरच्या गांठी खाते, म्हणजे ज्या गांठींमुळें कडधान्य जमिनीस नत्र देतें त्यांवरच घाला घालते. दिवसां शेतांत जाणारा शेतकरी रिकाम्या पानावर औषध मारतो, आणि चोर ढेकळाखालीं स्वस्थ असतो. पान कडेपासून कुरतडलेलें असेल तर नाकतोडा, आणि मोठ्या भोंकांजवळ काळी विष्ठा पडलेली असेल तर अळी समजावी.

खुद्द नाशिकच्या 'उडद्या'ची गोष्ट याहून गमतीची आहे. छाटणीनंतर फुगणारे डोळे खाऊन द्राक्षाचा हंगामच बुडविणारा हा किडा शास्त्राच्या दृष्टीनें उडत्या भुंगेऱ्यांच्या गटांतला नाहींच. तो त्याच कुळाच्या निराळ्या शाखेंतील आहे. त्याची युक्ति उडीची नसून सोंगाची आहे : धक्का लागतांच तो खालीं पडतो व मेल्यासारखा निपचित राहतो. बागाइतदाराचें नांव शास्त्राशीं जुळलें नाहीं, पण त्यानें हें सोंग बरोबर हेरलें होतें. म्हणूनच वेल हालवून किडे झेलण्याची त्याची रीत यशस्वी झाली. शास्त्राचें नांव आणि शेतकऱ्याची नजर यांत श्रेष्ठ कोण, हा वाद व्यर्थ आहे. एकास मांडींतली स्प्रिंग दिसली, दुसऱ्यास वेलीखालचें सोंग दिसलें; शेतीला दोन्ही हवीं.

ओळख पटली म्हणजे उपाय बराचसा आपोआप सुचतो. उडत्या भुंगेऱ्याचा घाव रोपास पहिले दोनतीन आठवडेच जिव्हारीं लागतो. पुढें झाड वाढलें कीं तेवढीं भोंकें तें सहज सोसतें. तेव्हां सर्व युक्ति रोप लवकर मोठें करण्यांत आहे : ओल असतांना पेरणी, बीं थोडें दाट टाकून नंतर विरळणी, आणि वाफ्यास वेळेवर पाणी. अळी मातींत असते, म्हणून उन्हाळ्यांत खोल नांगरट करून माती तापूं द्यावी, आणि त्याच जागेंत त्याच कुळाचें पीक लागोपाठ घेऊं नये. बांधावरचें रानटी तण काढावें. शेतांत पीक नसतां किड्याचा निर्वाह त्यावरच होतो. भाजीच्या वाफ्यावर बारीक विणीचें कापड ताणून धरलें तर किडा आंतच येत नाहीं. कोबीच्या भोंवतीं मोहरी किंवा मुळा आधीं पेरल्यास पुष्कळ भुंगेरे तेथेंच अडकतात. राखेचा जुना उपाय लहान परसांत आजहि करण्याजोगा आहे; मोठ्या रानांत निंबोळीचा पांच टक्के अर्क, म्हणजे पांच किलो निंबोळीची भरड रात्रभर भिजवून, गाळून शंभर लिटर पाण्याच्या प्रमाणांत केलेला, फवारावा. विषारी औषध अगदीं शेवटीं : कोंवळ्या पानांचा सुमारें चवथा हिस्सा गेला, किडे वाढतच आहेत आणि रोप अजून लहान आहे, या तिन्ही गोष्टी एकदम दिसल्या तरच, आणि तेंहि जाणत्याच्या सल्ल्यानें, नाकातोंडास फडकें, हातीं मोजे व वाऱ्याकडे पाठ ठेवून.

परभणीच्या प्रयोगक्षेत्राच्या गांवीं १९७२ सालीं मराठवाड्याचें कृषि विद्यापीठ झालें. १९९९ सालीं हिंगोली स्वतंत्र जिल्हा झाला. आणि कळमनुरी तालुक्यांत तोंडापूर येथें कृषि विज्ञान केंद्रहि आहे. भाषेचा तो जुना तिहेरी पडदा आतां उरला नाहीं. तरीहि एक काम करण्याजोगें आहे, आणि त्यास ना मोठा खर्च लागतो ना यंत्रें लागतात. गांवोगांवचे शेतकरी कोणत्या किड्यास काय म्हणतात, तो केव्हां येतो, दिवसां दिसतो कीं रात्रीं, उडतो कीं पडतो, हें विचारून त्या त्या किड्याच्या शास्त्रीय नांवापुढें लिहून ठेवावयाचें. गांवच्या शाळेंतील मुलांसहि तें करतां येईल. बेळगांवच्या रानांत एक अधिकारी किडे वेंचीत हिंडला म्हणून तागाच्या भुंगेऱ्यास नांव मिळालें. अंबाडीच्या तासांतून वाकून पाहणाऱ्याची नोंद त्याहून कमी मोलाची ठरण्याचें कारण नाहीं. तोंवर निदान इतकें तरी करावें : पानास भोंकें दिसलीं म्हणजे औषधाच्या दुकानाकडे जाण्यापूर्वीं एकदां सकाळीं उन्हांत आणि एकदां रात्रीं विजेरी घेऊन शेतांत जावें, आणि चोर कोण तो डोळ्यांनीं पाहून यावा.